ऐनचा अयान की अलिफचा?

भावाचा फोन पहाटे पाचला आला. मी नुकतीच फजरच्या नमाजसाठी उठले होते. "आपा, मुलगा झाला," एवढंच बोलला आणि रडायला लागला. पलीकडून माझ्या भाभीच्या आईचा आवाज येत होता, कुणीतरी बाळाच्या कानात अजान द्यायला चला म्हणत होतं. मीही इकडं मुसल्यावर, नमाजाच्या चटईवर, बसून रडले. सहा वर्षं वाट बघितली होती त्या दोघांनी. किती दवाखाने, किती तपासण्या, किती जणींचं "काय गं, अजून काही नाही का?" हे ऐकून घेणं. भाभीचं माहेर जयसिंगपूर. बाळंतपणासाठी ती पुण्याहून इकडंच आली होती, आणि आम्ही मिरजेचे, त्यामुळं अर्ध्या तासात आम्ही सगळे तिथं.

बाळ बघून झालं, डोळे कुणासारखे, नाक कुणासारखं हे झालं, आणि भावानं खिशातून मोबाईल काढला. नाव ठरलंय म्हणाला. अयान. फोनवरच्या नावांच्या यादीत लिहिलं होतं: अर्थ, अल्लाहची देणगी. मूळ, अरबी. खाली शुभ अंक आणि शुभ रंगसुद्धा.

त्याला छोटं नाव का हवं होतं ते मला माहीत होतं. त्याचं स्वतःचं नाव दस्तगीर. पीरान-ए-पीर अब्दुल कादिर जिलानी या सूफी संतांचा तो लकब, म्हणजे उपाधी, फारसीत 'हात धरणारा'. आमच्या भागात घरटी एक दस्तगीर सापडेल, पण पुण्यात ऑफिसात त्याला लोक कधी दास म्हणतात, कधी नुसतं डी. बारा वर्षं तो हे ऐकतोय. आपल्या मुलाचं नाव कुणी तोडू नये, तोडायला त्यात काही जास्तीचं असूच नये, असं त्यानं भाभीला लग्न झाल्यावरच सांगून ठेवलं होतं.

अब्बा खुर्चीत बसून ऐकत होते. अब्बा सतारमेकर. पन्नास वर्षं भोपळे आणि तारा यांच्यात गेलेली. कमी बोलतात. ते म्हणाले, "मतलब क्या इसका?" भावानं पुन्हा स्क्रीन दाखवली. अब्बांनी ती वाचली नाही. मला म्हणाले, "तू शिकलेली आहेस. सातव्या दिवशी नाव ठेवायचं. तोवर बघून ये, खरंच हाच अर्थ आहे का."

मी शिकलेली आहे ती मराठी माध्यमात. जिल्हा परिषदेच्या शाळेत चौथीच्या वर्गाला शिकवते. कुराण मी वाचते, म्हणजे अरबी अक्षरं ओळखून मोठ्यानं वाचते, लहानपणी मक्तबमध्ये सगळ्याच मुलांना शिकवतात तसं. अर्थ कळत नाही. उर्दू तुटकतुटक. घरात दख्खनी, बाहेर मराठी. त्यामुळं 'बघून ये' म्हणजे नेमकं कुठं बघायचं हाच पहिला प्रश्न होता.

फोनवरच्या आणखी याद्या उघडल्या. सगळीकडं तेच, अल्लाहची देणगी. एकीनं दुसरीचं उतरवून घेतल्यासारखं. एकाही ठिकाणी हे नाव अरबी लिपीत लिहिलेलं नव्हतं, की कुठल्या धातूपासून आलं ते सांगितलेलं नव्हतं. ही गोष्ट मला त्या दिवशी खटकली नाही, दुसऱ्या दिवशी खटकली.

दुसऱ्या दिवशी असरच्या नमाजनंतर मी आमच्या मोहल्ल्यातल्या हाफिजसाबांकडं, मुलांना कुराण शिकवणाऱ्यांकडं, गेले. मी लहान असताना तेही लहानच होते, आता त्यांची दाढी पांढरी झालीय. आत पंधरावीस मुलं पुढंमागं झुलत सबक म्हणत होती. मी नाव सांगितलं, अर्थ विचारला. त्यांनी उलट विचारलं, "ऐनसे या अलिफसे?"

मला कळलंच नाही. मी म्हटलं, अयान, 'अ'नं सुरू होतं ते.

त्यांनी एका मुलाची वही ओढून घेतली, कोरं पान काढलं आणि पेनानं दोन अक्षरं शेजारी शेजारी काढली. एक अलिफ, सरळ उभी रेघ. दुसरं ऐन, शब्दाच्या सुरुवातीला येतं तसं, उजवीकडं तोंड उघडलेलं. "ही दोन्ही तुमच्या मराठीत 'अ'च होतात," ते म्हणाले. "इंग्रजीत दोन्हीचा ए होतो. पण अरबीत ही वेगळी आहेत, जशी तुमच्याकडं त आणि ट." मग मला ऐन म्हणायला लावलं. मी म्हटलं. ते म्हणाले, हे तोंडातून आलं, घशातून आणा. गळ्यावर बोट ठेवून म्हणा. मुलं झुलायची थांबून माझ्याकडं बघायला लागली. तिसऱ्या चौथ्या वेळी बोटाखाली घसा आवळल्यासारखं काहीतरी झालं आणि हाफिजसाब म्हणाले, हां, ये है ऐन. आपण हिंदुस्थानातले लोक उच्चारात हा फरक ठेवत नाही, उर्दूतही नाही. फक्त लिहिण्यात राहतो. पण अर्थ लिहिण्यावरच ठरतो.

नंतर त्यांनी जे सांगितलं ते मी त्याच वहीच्या पानावर मराठीत लिहून घेतलं. ते पान अजून आहे.

अलिफनं लिहिलं आणि मधला 'य' जोड केला, तर तो शब्द होतो अय्यान. हा शब्द कुराणात आहे. त्यांनी सूरे नाजिआत काढली, सूरे म्हणजे कुराणातला अध्याय, आणि शेवटाकडच्या एका आयतीवर, म्हणजे ओळीवर, बोट ठेवलं. 'यस्अलूनक अनिस्साअति अय्याना मुर्साहा.' लोक तुम्हाला त्या घटकेविषयी विचारतात, ती कधी येऊन ठेपणार? घटका म्हणजे कयामतची. अय्यान म्हणजे 'कधी?' नुसता प्रश्नवाचक शब्द. सूरे कियामहमध्येही तोच, कयामतचा दिवस कधी, असं विचारणाऱ्या माणसाच्या तोंडी. कुराणात आहे म्हणून लोक हौसेनं शब्द उचलतात, हाफिजसाब म्हणाले, पण कुराणात तर जुलमी बादशहा फिरऔनचंही नाव आहे. शब्द तिथं काय सांगायला आलाय ते बघावं लागतं.

आता ऐन. ऐन हे अक्षराचं नाव, आणि अरबीत ऐन म्हणजे डोळा. झरा म्हणजेही ऐन. आणि एखादी वस्तू खुद्द, तीच ती, म्हणजेही ऐन. या धातूपासून शब्द होतो इयान, म्हणजे स्वतःच्या डोळ्यांनी बघणं, समोर दिसणं. अरब त्याला इयान म्हणतात. बातम्यांत प्रत्यक्षदर्शी साक्षीदाराला 'शाहिद इयान' म्हणतात. तोच शब्द फारसीत आणि उर्दूत अयान किंवा अयाँ झाला. उघड, स्पष्ट, दिसणारं. लपलेलं त्याच्या उलट.

आणि तिसरा एक, आयान. सुरुवातीला अलिफ आणि त्याच्या पाठोपाठ ऐन. हे ऐनचंच अनेकवचन, आणि त्याचा अर्थ प्रतिष्ठित मंडळी, गावातली डोळ्यात भरणारी माणसं. तुर्कांच्या उस्मानी राज्यात परगण्यातल्या वजनदार लोकांना आयानच म्हणत.

"आणि देणगी?" मी विचारलं.

देणगीला अरबीत अता म्हणतात, हिबा म्हणतात, अतिया म्हणतात. म्हणून अताउल्लाह, हिबतुल्लाह ही नावं. फारसीतून अल्लाबक्ष आणि खुदाबक्ष. मला लगेच देवदत्त आठवलं, वर्गात एक होता. हाफिजसाब म्हणाले, या चार अक्षरांत देणं कुठंच नाही. ज्यानं कुणी पहिल्यांदा लिहिलं त्यानं मनानं लिहिलं.

मी गप्प झाले. देणगी हा अर्थ भाभीला का आवडला होता ते मला माहीत होतं.

हाफिजसाबांना वाटलं मला हा अक्षरांचा खटाटोप उगाच वाटतोय. म्हणून त्यांनी एक हदीस, म्हणजे पैगंबरांविषयीची नोंदवून ठेवलेली हकीकत, सांगितली. सहीह मुस्लिम या हदीसच्या ग्रंथात आहे. हजरत उमर यांच्या एका मुलीचं नाव होतं आसिया. पैगंबरांनी ते बदलून जमीला ठेवलं. मी दचकले, कारण आसिया तर फिरऔनच्या बायकोचं नाव, हजरत मूसांना वाढवणारी, किती मोठ्या मानाची बाई. हाफिजसाबांनी पुन्हा वही घेतली. ती आसिया अलिफ आणि सीननं. ही आसिया ऐन आणि सादनं, आणि तिचा अर्थ न ऐकणारी, अवज्ञा करणारी. माझ्या वर्गात एक आसिया आहे. रोज मी हजेरीत तिचं नाव लिहितेय. देवनागरीत दोन्ही आसिया एकच दिसतात, आणि ते मला त्या दिवसापर्यंत माहीतच नव्हतं.

रात्री इशाच्या नमाजला उभी राहिले. दुसऱ्या रकातमध्ये सवयीनं सूरे तकासुर म्हणायला लागले. सात वर्षांची असताना पाठ केलेली, आठच आयती, म्हणून आम्हा मुलांना सगळ्यात आधी पाठ व्हायची त्यातली एक. 'सुम्म लतरवुन्नहा ऐनल यकीन.' तिथं आले आणि माझी जीभ अडकली. ऐनल यकीन. डोळ्यांनी होणारी खात्री. त्याच्या दोनच आयती आधी इल्मल यकीन आहे, म्हणजे माहितीनं होणारी खात्री. तीसेक वर्षं मी हे म्हणत होते आणि हा ऐन तोच ऐन, हे मला आज कळत होतं. नमाज पूर्ण केली, पण मन तिथं नव्हतं, खरं सांगायचं तर.

नमाज झाल्यावर मला दुसरीच गोष्ट सुचली. चौथीच्या वर्गात मी दरवर्षी वाक्यात उपयोग करायला शब्द देते. ऐन. मुलं लिहितात, ऐन पावसात आमचं छप्पर गळालं. ऐनवेळी एस.टी. चुकली. हा ऐन कुठला?

दुसऱ्या दिवशी शाळा सुटल्यावर वाचनालयात गेले आणि मोल्सवर्थचा कोश मागितला. जुना मराठी-इंग्रजी कोश, दुसरी आवृत्ती १८५७ ची. त्यात शब्दापुढं तो कुठल्या भाषेतून आला त्याची खूण असते. ऐनपुढं अरबीची खूण होती. मी ती ओळ दोनदा वाचली. शेजारी बसलेल्या काकांना दाखवावीशी वाटली.

हाफिजसाबांनी सांगितलेल्या तीन अर्थांतला तिसरा मराठीनं घेतला होता. तीच ती वस्तू, खुद्द. ऐन दुपार म्हणजे खुद्द दुपार, इकडंतिकडं नाही. ऐन उमेदीत, ऐन पंचविशीत. पेशवेकालीन कागदांत 'ऐनजिनसी' हा शब्द सारखा येतो, म्हणजे रोख पैशाऐवजी खुद्द वस्तूच्या रूपात केलेली भरणी, धान्याची पोती, तुपाचे बुधले. महसूल लिहिणाऱ्या कारकुनांच्या बोरूतून हा शब्द खेडोपाडी गेला असणार. आणि दख्खनीत आम्ही चष्म्याला ऐनक म्हणतो, तीसुद्धा याच डोळ्याची, तिला फारसी शेपूट लागलेली.

सगळेच ऐन मात्र याचे नाहीत, हेही त्याच दुपारी कळलं. जंगलातला ऐन, ज्याचं लाकूड घरांना वापरतात, तो वेगळा. भिंतीवरचा ऐना फारसी, त्याचा डोळ्याशी संबंध असावा असं मला फार वाटत होतं, पण नाही. अकबराच्या आईन-ए-अकबरीतला आईन तिसराच. शाळेतल्या एका बाईंना मी हे सगळं सांगितलं तर त्या म्हणाल्या, मला वाटलं उत्तरायणातलं अयन असेल, संस्कृत, म्हणजे मार्ग, चालणं. तेही सुंदर आहे, पण तेही नव्हे. ऐकायला सारखे शब्द एका घरचे असतीलच असं नाही. नावांच्या याद्यांत नेमकी हीच चूक होत असावी.

ऐन या अक्षराची गोष्ट मात्र मी वर्गात मुलांना सांगितलीच. फिनिशियन लोक हे अक्षर वाटोळं काढायचे, डोळ्यासारखं, कारण त्याचं नावच डोळा. ग्रीकांनी ते त्यांच्याकडून घेतलं, त्यांना घशातला आवाज नको होता, म्हणून त्यांनी त्याचा स्वर केला. तोच आजचा इंग्रजी ओ. मुलांनी फळ्यावर ओ काढून त्यात बुबुळं भरली.

आता घरी सांगायचं होतं.

भाभीचा भाऊ कुवेतला असतो. त्याला कुणीतरी कळवलं असणार, त्याचा आवाजी मेसेज आला. त्याच्या साईटवर एक इजिप्तचा फोरमन आहे. यानं आनंदानं सांगितलं, भाचा झाला, नाव अय्यान. 'य'वर जोर देऊन म्हणाला. तो फोरमन म्हणाला, बाळ आजारी आहे का? इजिप्तच्या बोलीत अय्यान म्हणजे आजारी माणूस. हा शब्द ऐननंच लिहितात, पण धातू वेगळा, थकण्याचा. भाभीच्या आईनं हे ऐकलं आणि पदर डोळ्याला लावला. नावच नको म्हणाल्या. मोहम्मद ठेवा, त्यात काही वाकडं निघणार नाही.

भाऊ माझ्यावर चिडला. "आपा, सगळ्यांना सांगून झालंय. पेढे वाटताना सांगितलंय, अल्लाहची देणगी म्हणून. आता काय सांगू, गुगल खोटं बोललं?" मी त्याला काही बोलले नाही. तो चिडला होता तो माझ्यावर नव्हे, हे मला दिसत होतं. सहा वर्षांनी हातात आलेल्या गोष्टीचं नावसुद्धा कुणी काढून घेतंय असं त्याला झालं होतं.

मी भाभीजवळ जाऊन बसले. बाळ तिच्या कुशीत झोपलं होतं, मुठी आवळून. मी तिला सगळं सांगितलं, वहीचं पान दाखवलं. अलिफचं, ऐनचं, 'कधी'चं, देणगीचं. देणगी यात नाही हे सांगताना माझा आवाज बारीक झाला. ती बराच वेळ त्या पानाकडं बघत राहिली. ती उर्दू माध्यमात शिकलेली, अक्षरं तिला माझ्यापेक्षा चांगली येतात. तिनं ऐनवर बोट ठेवलं आणि म्हणाली, "म्हणजे दिसणारा?"

मी म्हटलं, हो. समोर आलेला. उघड.

ती म्हणाली, "आपा, तिसऱ्या वेळी जेव्हा राहिलं, तेव्हा मी कुणालाच सांगितलं नव्हतं. तुमच्या भावालाही आठवडाभर नाही. सोनोग्राफीला एकटी गेले होते. डॉक्टरबाईंनी स्क्रीन माझ्याकडं फिरवली. म्हणाल्या, हे बघा, दिसतंय का? एवढा ठिपका होता, तांदळाच्या दाण्याएवढा, आणि हलत होता. मी म्हटलं, दिसतंय." मग ती थांबली. "त्याआधी दोन्ही वेळा स्क्रीन माझ्याकडं कुणी फिरवलीच नव्हती."

मी उठून खिडकीशी गेले. तिच्यासमोर रडायचं नव्हतं.

भावाला तिनंच सांगितलं. नाव तेच राहील, पण ऐननं. 'य' एकच, जोड नाही, कुवेतला कळवा. आणि आईसाठी पुढं मोहम्मद. मोहम्मद अयान. भावाच्या कपाळावरची आठी तेव्हा कुठं गेली.

अब्बांना मी संध्याकाळी त्यांच्या जागेवर जाऊन सांगितलं. दुकानात ते एका सतारीची जवारी काढत बसले होते. आमच्याकडं शिकलगारांनी शस्त्रं घासायचं सोडून तंबोरे-सतारी करायला घेतल्या त्याला दीडशेच्या वर वर्षं झाली, पण कानस धरायचा हात तोच आहे असं अब्बा म्हणतात. जवारी म्हणजे तारा जिच्यावरून जातात त्या घोडीचा माथा. तो इतका हलक्या हातानं घासायचा असतो की तार टोकाला नुसती चाटून जाईल. एक घास जास्त झाली तर सूर बंद. अब्बा घासायचे, तार लावायचे, छेडायचे, कान लावायचे, पुन्हा उतरवायचे. मी बोलत होते आणि ते मान वर न करता ऐकत होते. माझं झालं तेव्हा त्यांनी तार छेडली. या वेळी सूर उघडला. एकाच तारेतून आत लपलेले चारपाच सूर बाहेर आल्यासारखे. खुली जवारी म्हणतात ती हीच. ते म्हणाले, "अयाँ रा चे बयाँ."

ही फारसी म्हण त्यांना त्यांच्या वडिलांकडून आलीय. जे उघड दिसतंय ते सांगायचं काय. आपण मराठीत म्हणतो तेच, हातच्या काकणाला आरसा कशाला. लहानपणापासून मी ही म्हण त्यांच्या तोंडून ऐकलीय, पण तिचा पहिला शब्दच आता आमच्या घरात राहायला येणार होता हे मला ते बोलले तेव्हा उमगलं. त्यांना आधीच माहीत होतं का, मी विचारलं. "ऐनसे होगा तो अच्छा, इतना मालूम था. ऐनसे है के नहीं, वो तू देखके आयी," म्हणाले.

सातव्या दिवशी अकीका, बाळाच्या जन्माची कुर्बानी. मुलाचे दोन बकरे, वाटे करून मोहल्ल्यात आणि नातेवाइकांत गेले. न्हाव्यानं बाळाचं जावळ काढलं. बाळ रडलं नाही, जांभई दिली. ते केस कागदाच्या पुडीत घालून मी आणि भाऊ सोनाराकडं गेलो, कारण केसांच्या वजनाची चांदी दान करायची असते. सोनारानं त्याच्या छोट्या काट्यावर पुडी ठेवली, मग रिकाम्या कागदाचं वजन वजा केलं. एक ग्रॅमसुद्धा भरली नाही. ते केस इतके मऊ होते की पुडी उघडताना थोडे त्याच्या श्वासानंच उडाले. भावानं दहा ग्रॅम चांदीचे पैसे दिले. नाव हाफिजसाबांनी दुआ करून ठेवलं, आणि मी फुफी, म्हणजे आत्या, म्हणून बाळाच्या कानात पहिल्यांदा हाक मारली. घशातून. मला आता ते येतं.

जन्मदाखल्याचं काम माझ्याकडंच आलं, कारण मराठी अर्ज मी भरते. जन्माची खबर २१ दिवसांत द्यावी लागते, ती दवाखान्याकडून गेली होती. नाव त्याच वेळी लिहिलंच पाहिजे असं नाही, नावाशिवायही जन्माची नोंद होते आणि वर्षभरात नाव फुकट घालता येतं. ज्यांचं ठरलं नसेल त्यांनी घाई करू नये, म्हणून सांगते. आमचं ठरलं होतं. तरी दाखला हातात आला तेव्हा मराठीत 'आयान' होतं आणि इंग्रजीत वाय दोनदा पडला होता. समोरचे म्हणाले, बाई, एका कान्यानं काय होतंय. मी म्हटलं, एका कान्यानं हा पोरगा एकटा न राहता प्रतिष्ठितांची अख्खी मंडळी होतोय, आणि दुसऱ्या वायनं आजारी. त्यांना ते कळलं नाही, पण त्यांनी दुरुस्तीचा अर्ज दिला. प्रतिज्ञापत्र, दवाखान्याचा कागद, भाऊ-भाभीची आधार कार्डं. दोन चकरा, आणि 'अयान' होऊन आला.

एकविसाव्या दिवशी जेवण होतं. त्याची कार्डं छापायला दिली, मराठीत मजकूर आणि वर एक ओळ उर्दूत, बाळाचं नाव. भाभीनं ती ओळ स्वतः लिहून दिली होती. कार्डं आली त्या रात्री आम्ही गठ्ठा सोडला आणि भाभी एकदम "हाय अल्लाह" म्हणाली. छापणाऱ्यानं अलिफ घातला होता. त्याला तसंच दिसलं असेल, सगळे तसंच छापून घेत असतील. दोनशे कार्डं होती आणि वाटायला दुसऱ्या दिवशी सकाळी निघायचं होतं.

भाऊ म्हणाला, जाऊ दे, कोण वाचतंय. अब्बा उठले, आत गेले, आणि तबलीवर, सतारीच्या दर्शनी फळीवर, नक्षी काढायचा त्यांचा बारीक ब्रश आणि काळ्या रंगाची वाटी घेऊन आले. चटईवर बसले. चष्मा लावला. पहिल्या कार्डावरच्या अलिफच्या डोक्याला त्यांनी उजवीकडं उघडणारी एक कमान जोडली, खाली बुडाशी दुसरी रेघ ओढून पुढच्या अक्षराला मिळवली, आणि रेघेचा उरलेला भाग कमानीत घेऊन टाकला. उभा अलिफ ऐन झाला. भाभी एकेक कार्ड त्यांच्यापुढं सरकवत होती, मी ओली कार्डं जमिनीवर मांडत होते, भाऊ पंख्याचा वारा लागू नये म्हणून बटणापाशी उभा होता. बाराला अम्मीनं चहा केला. सव्वादोनला शेवटचं झालं. अख्ख्या खोलीत पाय ठेवायला जागा नव्हती, सगळीकडं अयान वाळत पडले होते.

त्यातलं एक मी ठेवून घेतलं. त्यावरचा ऐन बाकीच्यांपेक्षा थोडा मोठा आहे आणि त्याच्या पोटात रंग जरासा पसरलाय. ते अब्बांनी काढलेलं पहिलं.